वाटप की मान्यता?

नंदुरबार, पालघर, नाशिक किंवा गडचिरोली, यांपैकी कोणत्याही जिल्ह्यात वनहक्काची प्रमाणपत्रे द्यावयाची असली की मंडप घातला जातो, मंत्रिमहोदय येतात, आणि मंचामागच्या फलकावर बहुधा ‘वनपट्टे वाटप’ हे शब्द ठळक अक्षरांत रंगविलेले असतात. दूरच्या पाड्यांवरून पहाटे निघालेली माणसे दुपारपर्यंत उन्हात बसून राहतात. मग नावे पुकारली जातात, हात जोडले जातात, छायाचित्रे निघतात आणि दुसऱ्या दिवशी वृत्तपत्रांत शासनाने इतक्या आदिवासींना इतकी जमीन ‘दिल्याची’ वार्ता येते. ज्या कायद्याखाली हा सोहळा होतो त्याचे नाव मात्र ‘अनुसूचित जमाती व इतर पारंपरिक वननिवासी (वनहक्कांची मान्यता) अधिनियम, २००६’ असे आहे. त्या नावात वाटप हा शब्द नाही. मान्यता हा शब्द आहे.

हा शब्दच्छल नव्हे. वाटप होते ते देणाऱ्याच्या मालकीच्या वस्तूचे. म्हणून किती द्यावे, कोणाला द्यावे आणि केव्हा द्यावे हे ठरविण्याचा अधिकार देणाऱ्याकडे राहतो. मान्यता द्यावयाची ती जे आधीपासून दुसऱ्याचे आहे त्याला. कायद्याच्या प्रास्ताविकात संसदेने स्पष्ट कबुली दिली आहे की, वननिवासी पिढ्यान् पिढ्या वनांत राहत आले, परंतु त्यांच्या हक्कांची नोंद होऊ शकली नाही, आणि वसाहतकाळात व स्वातंत्र्यानंतरही राज्याची वने निश्चित करताना त्यांच्यावर ऐतिहासिक अन्याय झाला. अन्याय करणारा आणि त्याची कबुली देणारा पक्ष एकच, म्हणजे राज्यसंस्था आहे. असे असताना त्याच पक्षाने पुढे येऊन दात्याची भूमिका घ्यावी आणि या भूमिकेतून कायद्याची सर्व अंमलबजावणी करावी, ही या प्रश्नातील मूळ गफलत आहे. दावे फेटाळले जाणे, क्षेत्र छाटले जाणे, सातबाऱ्यावरील नोंद रखडणे या तक्रारी वेगवेगळ्या दिसल्या तरी त्या या एकाच मुळाला फुटलेल्या फांद्या आहेत.

जमीन वनखात्याची झाली कशी, हे पाहिल्याशिवाय तिच्यावर ‘अतिक्रमण’ झाले की नाही ते सांगता येत नाही. १८७८ च्या वन कायद्याने सरकारला एखादे क्षेत्र राखीव वन म्हणून घोषित करण्याचा अधिकार दिला. घोषणेनंतर ठरावीक मुदतीत ज्याने आपला हक्क सांगितला नाही त्याचा हक्क नष्ट झाला असे समजावयाचे, अशी त्यात तरतूद होती, आणि १९२७ च्या कायद्यानेही ती कायम ठेवली. जव्हार-मोखाड्याच्या डोंगरातील वारल्याने किंवा अक्राणीच्या पाड्यावरील भिलाने ही घोषणा वाचावी, मुदत मोजावी आणि वन-जमाबंदी अधिकाऱ्यासमोर लेखी दावा घेऊन उभे राहावे, अशी त्या कायद्याची अपेक्षा होती! हक्क बुडाला तो वादात हरल्यामुळे नव्हे. वाद सुरू झाल्याची वार्ताच त्याच्यापर्यंत पोहोचली नाही.

ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांत हा संघर्ष फार लवकर पेटला. भाताच्या रोपासाठी झाडांच्या डहाळ्या व पालापाचोळा जाळून राब भाजण्याची तेथील रीत वनखात्याला खुपत होती. शेतकऱ्याचे सारे पीक तर त्या राबावर अवलंबून होते. तक्रारी इतक्या वाढल्या की १८८५ मध्ये मुंबई सरकारला चौकशी आयोग नेमावा लागला. त्याच्या दोनच वर्षे आधी जोतीराव फुल्यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये वनखात्याने गायराने गिळून शेतकऱ्याची गुरे कशी उपाशी मारली, हे आपल्या रोखठोक भाषेत मांडले होते. पुढे १९३० मध्ये जंगल सत्याग्रह झाला. बिळाशी, पुसद, संगमनेर येथे लोकांनी कायदा मोडून गवत व लाकूड कापले. २५ सप्टेंबर १९३० रोजी उरणजवळच्या चिरनेर येथे गोळीबार झाला आणि त्यात नाग्या कातकरी हा तरुण हुतात्मा झाला. वनावर लोकांचा हक्क आहे, ही मागणी तेव्हा राष्ट्रीय चळवळीची होती. स्वराज्य आल्यानंतर ती राष्ट्रविरोधी नव्हे, तरी पर्यावरणविरोधी ठरविली जावी, याचा खेद चिरनेरच्या स्मारकासमोर दरवर्षी पुष्पचक्र वाहणाऱ्यांना तरी वाटावयास हवा होता.

परंतु महाराष्ट्रातील वनशेतीचा सर्वांत बोलका अध्याय एकसाली प्लॉटांचा आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात आणि त्यानंतर धान्याची टंचाई भासू लागली तेव्हा ‘अधिक धान्य पिकवा’ मोहिमेखाली सरकारनेच वनजमिनीचे तुकडे आदिवासींना एका वर्षाच्या कराराने कसावयास दिले. वर्ष संपले की करार पुन्हा करावयाचा. शेतकऱ्याने झुडुपे काढली, खुंट उपटले, दगड वेचले, उतारावर बांध घातले, नागली-वरई पिकविली. टंचाईची निकड सरली आणि करारांचे नूतनीकरण थांबले. शेतकरी मात्र तेथेच राहिला. त्याला जावयास दुसरी जागा नव्हती. ज्या दिवशी करार संपला त्या दिवसापासून तोच माणूस, त्याच जमिनीवर, तेच पीक घेत असता ‘अतिक्रमक’ झाला. सरकारच्या गरजेच्या वेळी तो अन्नोत्पादक होता, गरज संपताच गुन्हेगार ठरला. या दोन अवस्थांमध्ये त्याच्या वर्तनात रतिमात्र फरक पडला नव्हता. बदलले होते ते फक्त दप्तर.

एक वर्षाच्या मुदतीचा अर्थशास्त्रीय परिणाम काय होतो, हे सांगावयास विद्यापीठाची पदवी लागत नाही. पुढच्या हंगामात जमीन आपल्याकडे राहील की नाही हे ज्याला ठाऊक नाही, तो आंब्याचे कलम लावत नाही, विहीर खणत नाही, दगडी ताल रचत नाही. मग तज्ज्ञ येतात आणि आदिवासींची शेती मागासलेली असून तिने मातीची धूप होते, असा निष्कर्ष काढतात. धूप होते हे खरेच आहे. परंतु ज्या पट्ट्यांत कसणाऱ्याला जमिनीची शाश्वती मिळाली, तेथे त्याच जातीजमातींच्या माणसांनी उतारांवर आंबा-काजूच्या वाड्या उभ्या केल्या, हेही जव्हार परिसरात जाऊन कोणालाही पाहता येते. जमीन सुधारण्याची वृत्ती कसणाऱ्याच्या रक्तातून येत नाही, ती त्याच्या कसण्याच्या हक्काच्या शाश्वतीतून येते.

१९६० आणि १९७० च्या दशकांत दादासाहेब गायकवाडांच्या भूमिहीन सत्याग्रहापासून शहाद्याच्या श्रमिक संघटनेपर्यंत व ठाण्याच्या भूमिसेनेपर्यंत अनेक लढ्यांनी हा प्रश्न ऐरणीवर आणला. त्याचे एक फळ म्हणून डिसेंबर १९७८ मध्ये महाराष्ट्र शासनाने ३१ मार्च १९७८ पर्यंतची वनजमिनीवरील लागवड नियमित करण्याचा निर्णय घेतला. पण तत्पूर्वीच, १९७६ मध्ये, बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने वने हा विषय राज्यसूचीतून समवर्ती सूचीत नेला होता. आणि ऑक्टोबर १९८० मध्ये केंद्राने वन (संवर्धन) कायदा करून वनजमिनीच्या वनेतर वापराला आपली पूर्वपरवानगी सक्तीची केली. राज्याने दिलेले आश्वासन केंद्राच्या दारात अडकून पडले. पुढे अनुसूचित जाती-जमातींचे आयुक्त डॉ. ब्रह्मदेव शर्मा यांच्या अहवालामुळे केंद्राने सप्टेंबर १९९० मध्ये जुन्या लागवडी आणि वादग्रस्त दावे निकालात काढण्यासाठी परिपत्रके काढली. ती बहुतेक राज्यांनी फायलीत ठेवली. १९९५ मध्ये ठाणे जिल्ह्यातील कष्टकरी संघटनेच्या कार्यकर्त्यांनी नेलेल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने केवळ दप्तरी नोंदींवर न थांबता अन्य पुरावाही विचारात घेण्याचा मार्ग मोकळा केला. तरीही मे २००२ मध्ये केंद्रीय वनखात्याने अतिक्रमणे ३० सप्टेंबरपर्यंत हटविण्याचा आदेश देशभर धाडला! या आदेशाने उसळलेल्या असंतोषातूनच २००६ चा कायदा आकाराला आला. तो कोणाच्या औदार्यातून जन्मलेला नाही.

कायद्याने १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून प्रत्यक्ष कसत असलेल्या जमिनीवर, चार हेक्टरांच्या मर्यादेत, आदिवासी कुटुंबाचा हक्क मान्य केला. हा हक्क वारसाने चालतो, विकता येत नाही, आणि पती-पत्नी दोघांच्याही नावे नोंदवावा लागतो. बिगरआदिवासी वननिवासींना मात्र पंचाहत्तर वर्षांच्या वास्तव्याची अट घातली. ती इतकी कठोर आहे की त्यांच्यासाठी कायदा जवळजवळ कागदावरच राहिला. तो स्वतंत्र विषय आहे.

आता दात्याची भूमिका प्रत्यक्षात कशी वठते ते पाहावे. येथे कूळकायद्याशी तुलना केल्यास गोष्टी फार स्पष्ट होतात. १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन. त्या दिवशी मुंबई राज्यात जमीन कसणारे कूळ कायद्याने त्या जमिनीचे खरेदीदार मानले गेले. अंमलबजावणीत असंख्य कुळे फसविली गेली, ‘राजीनामे’ लिहून घेतले गेले, हे सर्वज्ञात आहे. परंतु तत्त्व निःसंदिग्ध होते: कसणे हाच हक्काचा पाया. आणि मुख्य म्हणजे, कुळाचा दावा ऐकणाऱ्या तहसीलदाराच्या शेजारी खुर्ची टाकून जमीनदाराला निवाडा करावयास बसविले नव्हते. वनजमिनीवर जमीनदार खुद्द शासन आहे. दाव्याची सुरुवात ग्रामसभेत होते, तिची वनहक्क समिती जागेवर पडताळणी करते, हा कायद्याचा उत्तम भाग. पण पुढे उपविभागीय आणि जिल्हास्तरीय समित्यांमध्ये वनाधिकारी हा सदस्य असतो. तीन लोकप्रतिनिधीही असतात. परंतु नकाशे, कक्ष क्रमांक आणि कायद्याची कलमे ज्याच्या तोंडपाठ आहेत त्याचाच शब्द चालतो, हे कोणत्याही समितीचे कामकाज पाहिलेल्यास सांगावयास नको. जमीनदार न्यायासनावर आणि कूळ पायरीवर!

कुळाकडून पुरावा मागितला जातो तो असा की, त्याने २००५ पूर्वीपासून ही जमीन कसली हे दाखवावे. कायद्याच्या नियमांनी पुराव्याची कल्पना मुद्दाम विस्तृत ठेवली आहे. जुने करार आणि वनखात्याची कागदपत्रे चालतात. त्याचबरोबर शेतातले बांध, झोपडी, विहीर, दफनभूमी, देवस्थान, आणि गावातील वृद्धाचे लेखी निवेदनही चालते. यांपैकी एकाहून अधिक प्रकारचा पुरावा असला की पुरे. कोणताही विशिष्ट कागदच हवा असा आग्रह धरू नये, असेही नियम सांगतात. प्रत्यक्षात नामंजुरीच्या पत्रावर, आणि असे पत्र मिळालेच तर, एक ओळ असते: ‘सबळ पुरावा नाही.’ सबळ म्हणजे कागद. ज्या माणसाला लिहिण्याची संधी दिली नाही त्याच्याकडून लेख मागावयाचा, ही १८७८ चीच पद्धत.

या कागदाच्या बाबतीत एक विदारक गंमत आहे. आदिवासी घरांत कसणुकीचा सर्वांत खात्रीचा कागद कोणता निघाला असेल, तर तो दंडाची पावती. वनरक्षकाने अतिक्रमणाचा गुन्हा नोंदवून दंड वसूल केल्याची जी पावती कधी काळी दिली, ती पत्र्याच्या पेटीत किंवा कुडातल्या बांबूच्या नळीत जपून ठेवलेली असली तर दावा उभा राहतो. अपराधाचा दाखला हाच हक्काचा दाखला झाला. पण दर हंगामाला वनरक्षकाला कोंबडी, तांदूळ, तुपाचा लोटा किंवा रोख पैसे देऊन ज्याने बांधावरचा छळ चुकविला, त्याच्याजवळ पावती कोठून असणार? लाच घेणारा पावती देत नाही. म्हणजे शासनाचा नोकर प्रामाणिक असेल तर आदिवासीला पुरावा मिळतो आणि तो भ्रष्ट असेल तर आदिवासीचा हक्क बुडतो. नोकराच्या पापाची शिक्षा त्याने ज्याला लुबाडले त्याला, असा हा न्याय आहे.

अलीकडे या कागदाच्या जागी उपग्रहाचे छायाचित्र आले आहे. तंत्रज्ञानाला विरोध करण्याचे कारण नाही. गुजरातमधील डेडियापाडा-सागबारा भागात ग्रामसभांनी स्वतः जीपीएस यंत्रे आणि उपग्रह-छायाचित्रे वापरून आपले दावे सिद्ध केले. प्रश्न आहे तो हे साधन कोणाच्या हातात आणि कशासाठी, याचा. २०१२ च्या सुधारित नियमांनी स्पष्ट म्हटले आहे की उपग्रह-छायाचित्र हे इतर पुराव्याला पूरक असेल. ते त्याची जागा घेणार नाही. तरीही छायाचित्रात हिरवे दिसले की ‘येथे वन होते’ असा शेरा मारून दावा निकालात काढण्याची सवय जडली आहे. वरकस जमिनीची शेती ज्याला ठाऊक आहे तो असे करणार नाही. नागली, मग वरई, मग खुरासणी अशी दोन-तीन वर्षे पिके घेऊन डोंगरउतारावरचा तुकडा विसाव्यासाठी टाकून दिला जातो. त्यावर गवत व झुडुपे माजतात. काही वर्षांनी तो पुन्हा नांगराखाली येतो. आकाशातून टाकलेल्या एका दृष्टिक्षेपात त्याच्या निम्म्या शेताला जंगल ठरविता येते. शिवाय आदिवासी आपल्या शेतातला मोह, आंबा, साग तोडत नाही. झाडे राखणाऱ्याचा तुकडा हिरवा दिसून बाद व्हावा, आणि सपाट उघडी केलेली जमीन मात्र निःशंक शेती म्हणून मान्य व्हावी, असा उलटा परिणाम यातून संभवतो.

क्षेत्र छाटले जाते ते याच वाटेने. मर्यादा चार हेक्टरांची, म्हणजे जवळजवळ दहा एकरांची आहे. देशभरात मान्य झालेल्या वैयक्तिक हक्कांची सरासरी मात्र दोन एकरांच्या आसपास पडते. सर्वांनाच चार हेक्टर मिळावेत असे कायदा म्हणत नाही. जेवढे प्रत्यक्ष कसणुकीत आहे तेवढे मिळावे, एवढेच म्हणतो. परंतु चार एकर कसणाऱ्याच्या हाती वीस गुंठ्यांचे प्रमाणपत्र पडते तेव्हा उरलेल्या साडेतीन एकरांचे काय झाले, हे त्याला कोणी सांगत नाही. दावा ‘मंजूर’ या रकान्यात मोजला जातो. आकडा वाढतो, समारंभ होतो. आणि त्याच शेतकऱ्याच्या साडेतीन एकरांवर दुसऱ्या पावसाळ्यात वनखात्याचे रोपवनाचे खड्डे पडतात. दात्याने दिले तेवढे निमूटपणे घ्यावे, ही वाटपाची रीतच आहे. अंशतः मान्य झालेला दावा म्हणजे अंशतः नाकारलेला दावा होय, त्याचीही कारणे लेखी कळवावी लागतात आणि त्याविरुद्धही अपील असते, हे गावागावांत सांगितले जात नाही. २०२० मध्ये राज्यपालांनी पाचव्या अनुसूचीखालील अधिकार वापरून महाराष्ट्राच्या अनुसूचित क्षेत्रांत जिल्हास्तरीय समितीच्या निर्णयाविरुद्ध विभागीय स्तरावर दाद मागण्याची सोय केली. ती चांगली होती. फक्त तिचा उपयोग निर्णयाची प्रत हाती आलेल्यालाच होऊ शकतो.

प्रमाणपत्र मिळाल्यानंतरची कथा याहून निराळी नाही. नियमांप्रमाणे मान्य झालेल्या हक्काचा अंतिम नकाशा करून त्याची महसूल व वन अभिलेखांत तीन महिन्यांच्या आत नोंद व्हावयास हवी. पण कायदा येऊन दीड तपापेक्षा अधिक काळ लोटल्यावरही मोर्च्यांमध्ये ‘आमच्या नावाचा सातबारा द्या’ हीच घोषणा ऐकू येते. जेथे नोंद झाली तेथेही ती पुष्कळदा ‘इतर अधिकार’ या रकान्यात. वरती भोगवटादार म्हणून वनविभाग विराजमान! घर भाड्याने घेतल्याप्रमाणे ज्याची जमीन तोच तिच्यात उपरा. पीककर्ज, पीकविमा, नुकसानभरपाई, हमीभावाने भातखरेदी या सगळ्यांची वाट सातबाऱ्यावरून जाते. बँकेचा व्यवस्थापक म्हणतो, ही जमीन गहाण घेता येत नाही. त्याचे म्हणणे खरे आहे आणि ते तसेच राहिले पाहिजे. अहस्तांतरणीयता हे या कायद्याचे कवच आहे, ते काढले तर दहा वर्षांत या जमिनी सावकार आणि फार्महाऊसवाले यांच्या घशात जातील, हे रायगड आणि पालघरच्या जमीनव्यवहारांकडे पाहणाऱ्यास सांगणे नलगे. परंतु कर्ज जमिनीच्या तारणावरच द्यावे, असा काही निसर्गनियम नाही. आदिवासी सहकारी संस्था आणि आदिवासी विकास महामंडळ यांच्या यंत्रणेतून येणाऱ्या पिकाच्या तारणावर कर्ज देता येते. जून महिन्यात बियाण्यासाठी दोन-चार हजार रुपये मिळाले नाहीत म्हणून दिवाळीनंतर जे कुटुंब भिवंडीकडच्या वीटभट्टीवर उचल घेऊन जाते, त्याच्या हातातील प्रमाणपत्राला प्लास्टिकचे आवरण घातलेले असते एवढेच.

या सर्वावर वनप्रेमींचा आक्षेप असा की, शेतीसाठी वने अशी मोकळी करीत गेल्यास वनेच उरणार नाहीत. हा आक्षेप प्रामाणिक माणसेही घेतात, म्हणून त्याचा विचार केला पाहिजे. पहिली गोष्ट, कायदा एकही नवीन एकर शेतीखाली आणत नाही. २००५ पूर्वी जे शेतच होते त्याला शेत म्हणतो. नकाशावर वन आणि जमिनीवर नागली, ही विसंगती दुरुस्त केल्याने एकही झाड कमी होत नाही. दुसरी गोष्ट, महाराष्ट्रातील मिश्र वने ज्यांनी सरसकट तोडून एकसुरी सागाची लागवड केली, त्यांत १९७४ मध्ये स्थापन झालेले वनविकास महामंडळ अग्रभागी होते. खाणी, धरणे आणि महामार्ग यांच्यासाठी वनजमिनी वळविण्याच्या परवानग्या मिळत राहिल्या, आणि २०२२ च्या नियमांनी व २०२३ च्या दुरुस्तीने हा मार्ग अधिकच सुकर केला. एका कंपनीसाठी शेकडो हेक्टर वळविताना जी यंत्रणा ‘राष्ट्रहित’ म्हणते ती वीस गुंठे नागलीपुढे पर्यावरणाची ढाल धरते, तेव्हा तिच्या वनप्रेमाविषयी शंका येणे स्वाभाविक आहे. आणि तिसरी गोष्ट, ज्या मेंढा (लेखा) गावाला २००९ मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला, तेथील लोकांनी जंगल विकून खाल्ले नाही.

पण चळवळींनीही एक गोष्ट मोकळेपणाने मान्य केली पाहिजे. कायद्याच्या आशेने २००५ नंतर काही ठिकाणी नवी जंगलतोड झाली. क्वचित गावातील सबळांनी दुर्बळांच्या नावाने दावे पुढे केले. अशा दाव्यांना संघटनेच्या बळावर पाठिंबा देणे आत्मघातकी आहे. ग्रामसभेने स्वतः उभे राहून ‘हे शेत जुने नाही’ असे सांगितले, तर तिने मान्य केलेल्या बाकीच्या दाव्यांना न्यायालयातही वजन येते. खोटा दावा पहिल्यांदा बुडवितो तो शेजारच्या खऱ्या दाव्याला. कार्यकर्त्यांना हे कळते. मोर्च्याच्या संख्येच्या मोहापायी ते नेहमी बोलले जात नाही.

या प्रश्नात काय पणाला लागले आहे ते फेब्रुवारी २०१९ मध्ये सर्व देशाने पाहिले. त्या महिन्याच्या १३ तारखेला सर्वोच्च न्यायालयाने, ज्यांचे दावे अंतिमतः फेटाळले गेले त्यांना हटविण्याचे निर्देश राज्यांना दिले. देशभरात अशा नामंजुरींची संख्या अकरा लाखांच्या वर होती. गदारोळ झाला, केंद्र सरकारला जाग आली आणि २८ तारखेला आदेशाला स्थगिती मिळाली. तेव्हा नामंजुरीची प्रक्रियाच सदोष असल्याचे अनेक राज्यांना मान्य करावे लागले. पंधरा दिवस अकरा लाख कुटुंबांच्या डोक्यावर ‘सबळ पुरावा नाही’ ही एक ओळ टांगलेली होती. त्याच्या आदल्याच वर्षी, मार्च २०१८ मध्ये, किसान सभेच्या नेतृत्वाखाली हजारो शेतकरी नाशिकहून मुंबईपर्यंत चालत आले. त्यांतील फार मोठा भाग सुरगाणा, पेठ, दिंडोरीकडील वनजमीन कसणाऱ्या आदिवासींचा होता. दहावीच्या विद्यार्थ्यांची परीक्षा मोडू नये म्हणून शेवटची मजल त्यांनी रात्रीच चालून काढली, याचे मुंबईकरांनी पुष्कळ कौतुक केले. सहा महिन्यांत दावे निकालात काढण्याचे आश्वासन घेऊन ते परतले. मार्च २०२३ मध्ये त्यांना पुन्हा निघावे लागले.

आश्वासनांचा आणखी एक हप्ता मिळवून हा प्रश्न सुटणार नाही. पुराव्याचे ओझे ज्याच्या खांद्यावर असावयास हवे त्याच्या खांद्यावर ते ठेवावे लागेल. एकसाली प्लॉटांचे करार सरकारने केले. त्यांची नोंदपुस्तके सरकारी दप्तरांत गेली. वनगुन्ह्यांच्या नोंदी, दंडवसुलीची पुस्तके, १९७८ च्या निर्णयाखाली झालेल्या चौकशीचे कागद, कार्य-आयोजना, जुने नकाशे हे सारे तयार झाले ते परिक्षेत्र कार्यालयांत आणि तहसील कचेऱ्यांत. ग्रामसभेने किंवा तिच्या वनहक्क समितीने लेखी मागणी केल्यास संबंधित अधिकाऱ्यांनी या अभिलेखांच्या साक्षांकित प्रती दिल्याच पाहिजेत, असे या कायद्याच्या नियमांतच लिहिले आहे. तेव्हा प्रत्येक ग्रामसभेने आधी ही मागणी नोंदवून पोच घ्यावी. ज्या गावच्या प्रती मिळाल्या नाहीत त्या गावचा एकही दावा पुराव्याअभावी नामंजूर करता येणार नाही, असा आदेश शासनाने काढावा; नोंदपुस्तक गहाळ झाले असेल तर ते गहाळ झाल्याचे अधिकाऱ्याने सहीनिशी लिहून द्यावे, आणि त्या गावापुरते वृद्धांचे निवेदन व शेतातले बांध हेच निर्णायक धरावेत. यासाठी नवा कायदा नको, नवा निधी नको. खरीप तोंडावर येण्यापूर्वी एवढे एक परिपत्रक निघू शकते.